वायफायला डब्यात कोंडलं त्याची गोष्ट

सुरुवात झाली ती तक्रारीनं. आमचा एक घरगुती राऊटर बाजारात जायच्या आधी पुण्यातच वीसेक ओळखीच्या घरांत लावून ठेवला होता, फील्ड ट्रायल म्हणतात त्याला, आणि त्यातल्या चार घरांतून साधारण एकच रडगाणं, की मीटिंगला बसलं की आम्हाला समोरचे नीट दिसतात, नीट ऐकू येतात, पण त्यांना आमचंच तुटतं. खरं तर सगळं उत्तर या एका वाक्यात होतं. पण तेव्हा ते कुणाच्या डोक्यात शिरलं नाही, माझ्याही नाही.

आमचं ठरलेलं उत्तर तयार होतं, शेजाऱ्यांचं वायफाय. आणि ते अगदीच खोटं नाही हो. कोथरूडच्या नाहीतर पिंपळे सौदागरच्या कुठल्याही सोसायटीत चौथ्या मजल्यावर उभं राहून फोनवर वायफायची यादी काढा, तीस-चाळीस नावं सहज येतात, आणि २.४ गीगाहर्ट्झमध्ये एकमेकांच्या अंगावर न येणारी चॅनल मोजून तीन, १, ६ आणि ११. म्हणजे तीन खोल्यांत चाळीस बिऱ्हाडं. त्यात कुणाचा मायक्रोवेव्ह, कुणाचे ब्लूटूथ हेडफोन, सगळ्यांचा गोंधळ त्याच पट्ट्यात. तर आमचे सर म्हणाले, "तू एक काम कर, हा लॅबमध्ये स्वच्छ वातावरणात टाक, तिथं नीट चालतो एवढं दाखव, रिपोर्ट लिही, विषय संपव." म्हणजे बघा, मी टेस्टला बसायच्या आधीच निकाल काय यायला पाहिजे ते ठरलेलं होतं.

मी तेव्हा टीममध्ये नवीन, सॉफ्टवेअर टेस्टिंगमधून आलेली, त्यामुळे आरएफ, म्हणजे रेडिओ सिग्नलचं काम, ही काहीतरी काळी जादू असं मनात पक्कं. पण एक सांगते, माझं माहेर नारायणगावजवळ. शाळेची सहल दरवर्षी ठरलेली, खोडदची दुर्बीण, जीएमआरटी. ४५ मीटर व्यासाच्या तीस डिशा, आणि तिथं गेलं की पहिलं काम मोबाईल बंद करा. लहानपणी वाटायचं शिस्तीसाठी असेल. आकाशातून येणारा रेडिओ सिग्नल इतका क्षीण असतो की शेजारचा एक मोबाईल त्याला गिळून टाकतो, हे मला पार नोकरीत येऊन, त्या डब्यासमोर बसल्यावर कळलं.

डबा म्हणजे शील्ड बॉक्स. ऑफिसात सगळे डबाच म्हणतात. साधारण छोट्या फ्रिजएवढी धातूची पेटी, आतून काळ्या फोमचे सुळके चिकटवलेले, आणि दाराच्या कडेनं तांब्याच्या रंगाच्या बारीक बारीक पट्ट्या, फणीच्या दातांसारख्या, दार दाबलं की त्या दबून चौकटीला घट्ट टेकतात आणि पेटी सगळीकडून बंद होते. तत्त्व तेच, फॅरडेनं १८३६ साली दाखवलेलं, धातूच्या बंद पिंजऱ्यात बाहेरचं काही शिरत नाही. लिफ्टमध्ये फोन कट होतो ना, तेच, फक्त लिफ्ट फारच गळकी असते आणि हा डबा नीट असेल तर सिग्नल अब्जावधी पटीनं दाबतो.

नीट असेल तर. पहिल्याच दिवशी मी राऊटर आत ठेवला, दार लावलं, कडी दाबली, बाहेर लॅपटॉपवर यादी बघितली तर आमच्या राऊटरचं नाव दिमाखात यादीत. डबा बंद, आणि नाव बाहेर. मी परत दार उघडलं, परत लावलं, जोर लावून लावलं, तरी तेच. शेवटी हार्डवेअरचा एक मुलगा जवळून जात होता, तो थांबला, दाराखाली बघितलं आणि हसायलाच लागला, "अगं, ही वायर काय आहे?" मी राऊटरचा लॉग बघायला एक यूएसबी केबल दाराच्या फटीतून आत घातली होती. पातळ केबल, दार तर बंद झालं होतं की. पण ती केबलच अँटेनासारखी काम करते, आतलं उचलते नि बाहेर सोडते. आत-बाहेर जे काही न्यायचं ते डब्याला बसवलेल्या फिल्टरमधूनच न्यायचं, वीजसुद्धा. त्या दिवसानंतर मी दार लावायच्या आधी त्या तांब्याच्या दातांवरून बोट फिरवून बघते, एखादा दात वाकला असेल किंवा मध्ये धागा अडकला असेल तर तेवढ्यातूनही गळतं.

पुढची पायरी अटेन्युएटर. घरात राऊटर हॉलमध्ये असतो आणि तुम्ही आतल्या खोलीत, मध्ये भिंती आणि अंतर, त्यामुळे सिग्नल कमी होतो. लॅबमध्ये ते अंतर कुठून आणणार, म्हणून राऊटरच्या अँटेना काढायच्या, तिथं केबल लावायची, केबल अटेन्युएटरमध्ये, आणि तिथून दुसऱ्या डब्यातल्या क्लायंटकडे, म्हणजे राऊटरला जोडलं जाणारं वायफाय कार्ड, घरातल्या लॅपटॉपच्या जागी. अटेन्युएटर म्हणजे सिग्नल खाणारी पेटी, कॉम्प्युटरवरून सांगायचं एवढे डीबी खा, डीबी म्हणजे सिग्नल किती पटीनं घटला त्याचं माप. ३ डीबीला सिग्नल निम्मा, १० डीबीला दहावा हिस्सा. २.४ गीगाहर्ट्झला मोकळ्या हवेत पहिल्या एका मीटरमध्येच जवळपास ४० डीबी जातात, पुढं अंतर दुप्पट केलं की आणखी ६. हे गणित एकदा डोक्यात बसलं की मजा येते, बटण दाबून माणसाला हॉलमधून गच्चीवर नेता येतं.

पण हे कळायच्या आधी मी एक क्लायंट कार्ड मारलं. झालं काय, सेटअप चालतोय का बघू म्हणून मी राऊटर आणि कार्ड सरळ केबलनं जोडले, मध्ये अटेन्युएटर नाही. राऊटर १०० मिलीवॅट सोडतो, म्हणजे २० डीबीएम (१ मिलीवॅटला शून्य धरून मोजलेले डीबी), आणि वायफायचा रिसीव्हर बनवलेला असतो त्याच्या अब्जावधी पट कमी सिग्नल ऐकायला. कुजबूज ऐकायला कान टवकारून बसलेल्या माणसाच्या कानात ढोल बडवावा तसं झालं ते. कार्ड मेलं नाही, बहिरं झालं, म्हणजे जवळचं ऐकायचं, लांबचं नाही, आणि दोन दिवस मी राऊटरलाच शिव्या देत बसले. आता त्या बेंचवर ३० डीबीचे फिक्स्ड अटेन्युएटर कायमचे कसून बसवलेत, काढायचेच नाहीत.

कसायचं तेही हातानं नाही बरं का. एसएमए कनेक्टर असतात, सोनेरी, करंगळीच्या नखाएवढे, त्यांना छोटा टॉर्क रेंच येतो, ठराविक जोर झाला की तो खट्कन वाकतो आणि हाताला कळतं बास. मला वाटायचं हे चोचले आहेत, हातानं घट्ट लावलं की झालं. मग एकदा सोमवारचा आणि मंगळवारचा आकडा जुळेना, तोच राऊटर, तेच फर्मवेअर म्हणजे त्याच्या आतलं सॉफ्टवेअर, दीड दिवस शोधलं, आणि सापडलं काय तर एक कनेक्टर अर्ध्या आट्यानं सैल. केबल हलली की सिग्नल बदलायचा.

आणखी एक घोळ सांगते कारण हा बऱ्याच जणांचा होतो. राऊटरला दोन अँटेना, क्लायंटला दोन, दोन वेगळे डेटाचे प्रवाह एकदम जातात म्हणून स्पीड दुप्पट. मी काय केलं, चारही केबल एका स्प्लिटरमध्ये एकत्र आणल्या, तेवढं सुटसुटीत. स्पीड निम्मा. कारण सगळं एकत्र मिसळलं की दोन्ही प्रवाह क्लायंटला एकसारखेच दिसतात, वेगळे काढायला काही फरकच उरत नाही, मग तो गपचूप एकाच प्रवाहावर येतो. घरात भिंतींवरून आपटून येणारे सिग्नल हा फरक आपोआप देतात. ज्या आपटण्याला मी आतापर्यंत कटकट समजत होते त्याच्यावरच ही दोन प्रवाहांची सगळी भानगड उभी आहे.

असं करत दोन आठवडे गेले. डबा तापायचा तो वेगळाच प्रकार, बंद पेटीत राऊटर चाळीस मिनिटं चालला की चिप गरम होऊन स्वतःच मंद व्हायची, मग जाळीदार व्हेंटला पंखा लावला. शेवटी सगळं जुळलं. २.४ ला २० मेगाहर्ट्झच्या चॅनलवर जवळ असताना ९० एमबीपीएसच्या वर, आणि अटेन्युएटर वाढवत उणे ७० डीबीएमला आणलं, म्हणजे लांबच्या खोलीत, तरी ६२. दोन्ही दिशांना. आलेख इतका गुळगुळीत उतरत होता की मी त्याचा स्क्रीनशॉट वॉलपेपर करून ठेवलेला. रिपोर्ट लिहिला, राऊटर चोख, गडबड बाहेरच्या वातावरणात. सर खूश, मी खूश.

आणि त्याच आठवड्यात पाचव्या घरातून तीच तक्रार. यावेळी घर शहराबाहेर, मुळशीकडं, एकटा बंगला, आजूबाजूला वायफायचं एकही नाव नाही. आता शेजारी कुठून आणायचा?

मी त्या पाच घरी फोन केले. राऊटर कुठं ठेवलाय, कशावर ठेवलाय, आजूबाजूला काय आहे, एका काकूंनी तर फोटोच पाठवला, राऊटरच्या बाजूला गणपती, त्याच्या बाजूला लाफिंग बुद्धा. आणि राऊटरच्या मागं लटकणारी हार्डडिस्क. दुसऱ्या घरी विचारलं, हो, डिस्क आहे, मुलाचे फोटो टीव्हीवर बघायला. पाचही घरी डिस्क. बाकीच्या पंधरा घरांपैकी एकाच घरी, आणि तो गृहस्थ मीटिंगच करत नव्हता.

मी धावत लॅबमध्ये, डिस्क लावली, डब्यात घातली, कॉपी सुरू केली, स्पीड बघितला. ६२. कॉपी बंद, ६२. परत चालू, ६१. काहीच नाही. खरं सांगते, त्या दिवशी संध्याकाळी मी जेवले नाही.

दुसऱ्या दिवशी चहाच्या टपरीवर हार्डवेअरवाला तोच मुलगा भेटला, त्याला म्हणलं असं असं आहे. त्यानं एकच विचारलं, "तू केबलवर करतेस ना टेस्ट? म्हणजे अँटेना काढून?" हो. "मग अँटेनातून येणारी घाण तुला दिसणार कशी?"

मी चहा तसाच ठेवला.

प्रकार असा आहे. राऊटरच्या मागचा पोर्ट यूएसबी ३ चा. तो ५ गीगाबिटनं डेटा पळवतो आणि त्या पळापळीतून जो रेडिओचा कचरा बाहेर पडतो तो नेमका २.४ गीगाहर्ट्झच्या पट्ट्यावर पसरतो. ५ गीगाहर्ट्झजवळ तो जवळपास शून्यावर येतो म्हणून वरचा वायफाय बँड वाचतो. हे काही आमचं संशोधन नाही, इंटेलनं २०१२ सालीच यावर पेपर काढलेला, वायरलेस माऊस अडखळण्याच्या तक्रारी तिथूनच. आमच्या राऊटरची एक अँटेना त्या पोर्टपासून जेमतेम तीन बोटांवर. अँटेना तो कचरा हवेतून उचलून स्वतःच्याच रिसीव्हरला पाजत होती. आणि मी नेमकी ती अँटेना काढून, तिथं उत्तम शील्डवाली केबल लावून, दोन आठवडे राऊटर किती छान आहे ते मोजत होते.

आणि ते पहिलं वाक्य. आम्हाला त्यांचं ऐकू येतं, त्यांना आमचं तुटतं. अर्थातच. कचरा राऊटरच्या कानाशी, लॅपटॉपच्या नाही. राऊटर बोलतो ते लॅपटॉपला नीट ऐकू जातं, लॅपटॉप लांबून बोलतो ते राऊटरला ऐकू येत नाही. डाउनलोड ठणठणीत, अपलोड मेलेला. आमची स्क्रिप्ट दोन्ही मोजायची हो, पण मीटिंगमध्ये स्लाईडवर कायम डाउनलोडचाच आकडा जायचा.

आता हे हवेतून मोजायचं होतं, आणि छोट्या डब्यात हवेतून मोजणं म्हणजे न्हाणीघरात गाऊन आवाज तपासण्यासारखं, सगळीकडून आपटून येतं. म्हणून एका बाहेरच्या लॅबची अॅनेकोइक चेंबर, म्हणजे जिथं काहीच आपटून परत येत नाही अशी खोली, अर्धा दिवस भाड्यानं घेतली. इथं मुख्यतः लोक सरकारी मंजुरीच्या रिपोर्टसाठी येतात. आपल्याकडे २.४ गीगाहर्ट्झ २००५ पासून आणि ५ चा मोठा पट्टा २०१८ पासून विनापरवाना खुला आहे, पण उपकरण विकायचं तर ईटीए, म्हणजे तीच सरकारी मंजुरी, लागतो आणि त्याला मान्यताप्राप्त लॅबचा आरएफ रिपोर्ट जोडावा लागतो. तासाच्या हिशोबानं बिल, त्यामुळे आत गेल्यापासून डोक्यात मीटर चालू.

आत गेलं की पहिलं काय होतं तर आपलाच आवाज बसतो. भिंती, छत, सगळीकडं निळे सुळके, हातभर लांब, आणि ते रेडिओसाठी असले तरी आवाजही गिळतात, त्यामुळे बोललेलं तोंडासमोरच पडल्यासारखं वाटतं. मी एका सुळक्याला हात लावला, बोट काळं झालं, फोममध्ये कार्बन असतो. तिथले टेक्निशियन काका लगेच, "ताई, हात नका लावू, टोक मोडलं की मला उत्तर द्यावं लागतं." मध्यभागी फिरता टेबल, त्यावर आमचा राऊटर, तीन मीटरवर उभी-आडवी अशी दोन अँटेना, तिथून केबल बाहेर, अटेन्युएटर, आणि मग डब्यात बंद क्लायंट. हवेत ५० डीबी जातात, ४० अटेन्युएटरनं खाल्ले, २० मधून ९० गेले, उणे ७०. तेच घरातलं लांबचं अंतर, पण भिंतीशिवाय आणि शेजाऱ्यांशिवाय.

दार बंद केलं, जाड, हँडल फिरवून लावायचं, बँकेच्या तिजोरीसारखं. मोजायच्या आधी काकांनी नुसतीच शांतता बघितली, राऊटर बंद, स्पेक्ट्रम अॅनलायझर चालू, कुठल्या फ्रिक्वेन्सीला किती सिग्नल आहे ते दाखवणारं यंत्र. पडद्यावर सपाट रेघ यायला हवी. पण दोन-तीन मिनिटांत तिच्यावर तीन बारीक सुया उभ्या राहिल्या. डावीकडं एक, मध्याच्या जरा अलीकडं एक, पार उजवीकडं एक. मी घाबरले, म्हणलं यांचीच चेंबर गळतेय, पैसे गेले. काकांनी चष्मा वर केला आणि न बघता म्हणाले, "२४०२, २४२६, २४८०. ताई, हातातला पट्टा कुठंय तुमचा?"

मनगट बघितलं, मोकळं. आत शिरताना फोन बाहेर ठेवला होता, पण मनगटावरचा फोनला जोडलेला ब्लूटूथचा पट्टा राऊटर ठेवताना अडकत होता म्हणून काढून आत टेबलाच्या कडेला ठेवला आणि तसाच विसरले. फोन सापडत नाही म्हटल्यावर तो बिचारा मी इथं आहे, मी इथं आहे असं ओरडत होता, ब्लूटूथचे हे तीन चॅनल खास त्या ओरडण्यासाठीच असतात. काकांना वर्षानुवर्षं लोकांचे पट्टे सापडलेत, त्यामुळे त्यांना सुया बघूनच कळतं. दार उघडा, पट्टा आणा, दार लावा, वीस मिनिटं गेली, म्हणजे बिलाची वीस मिनिटं.

मग सपाट रेघ. मग राऊटर. डिस्कशिवाय अपलोड ६०. मी बाहेरून स्क्रिप्टनं कॉपी सुरू केली आणि आकडा बघत बसले. ६०, ५९, ४१, १९, १८. टेबल तीस-तीस अंशांनी पूर्ण फिरवलं, सगळीकडं तेच, १६ ते २१ च्या मध्ये. कॉपी थांबवली, तीन सेकंदांत परत ६०. मी आणि काका एकमेकांकडं बघून हसत होतो, आणि मी हसतेय कशाला, आमचाच राऊटर नापास होत होता. पण दोन आठवडे जे सापडत नव्हतं ते समोर वर-खाली होताना बघायला जो आनंद होतो त्याला काही इलाज नाही.

पुढचं भराभर सांगते. ऑफिसात येऊन छोट्या गोल प्रोबनं पोर्टभोवती फिरवून बघितलं, कनेक्टरचं धातूचं कव्हर बोर्डाला फक्त दोन ठिकाणी जोडलेलं, तिथून गळत होतं. तांब्याची टेप गुंडाळली तर कचरा निम्म्याहून खाली. मग हार्डवेअरवाल्यांनी चांगला कनेक्टर घेतला, चारही बाजूंनी ग्राउंडला जोडला, ती अँटेना पलीकडच्या कोपऱ्यात नेली. ट्रायलवाल्या घरांना तोपर्यंत फर्मवेअरमध्ये एक पर्याय दिला, पोर्ट यूएसबी २ वर चालवा, डिस्क हळू पण मीटिंग चालू. मुळशीच्या घरून दुसऱ्या दिवशी नुसता अंगठा आला व्हॉट्सअॅपवर.

माझा तो पहिला रिपोर्ट मागं घ्यायला लागला. सर काही बोलले नाहीत, फक्त स्लाईडमध्ये अपलोडचा रकाना स्वतःच्या हातानं घातला. नवीन बोर्ड आला तेव्हा परत चेंबर, परत काका, पट्टा यावेळी घरीच. डिस्कशिवाय ६०, डिस्क चालू असताना ५४. शून्य फरक नाही झाला, माझा हट्ट होता अजून काढू, हार्डवेअरवाले म्हणाले आता यापुढं प्लास्टिकचा साचाच बदलावा लागेल, आणि ५४ वर सह्या झाल्या. मला अजून ते ६ खुपतात.

बेंचवर ती डिस्क आता कायमची लावलेली असते, प्रत्येक टेस्टला मागं कॉपी चालू. तिच्यावर मी कागद चिकटवलाय, "ही काढू नये." गेल्या महिन्यात नवीन पोरं आलीत, त्यातल्या कुणीतरी त्याच्याखाली पेन्सिलनं लिहून ठेवलंय, "का?"